पत्रिकेबरहुकूम आरोपी

पिंपळवेढ्याच्या करंडे घराण्यात माणसाची योग्यता त्याच्या शिक्षणावरून किंवा कमाईवरून ठरत नाही. लग्नपत्रिकेत त्याचं नाव कितव्या ओळीत छापलं जातं, यावरून ती ठरते. मी तहसील कचेरीत एकतीस वर्षं काढून अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालो, त्यामुळे ज्येष्ठता यादी हा प्रकार मला नवा नाही. फरक एवढाच, की शासनाच्या यादीवर हरकत घ्यायला मुदत असते. पत्रिका मात्र एकदम छापूनच येते.

ऋतुराज हा माझा पुतण्या. माझे थोरले चुलतभाऊ भाऊसाहेब आणि प्रमिलावहिनी यांचा तो एकुलता एक मुलगा. इंजिनियर झाला, नोकरीला लागला आणि लोंढे मास्तरांची मुलगी पसंत पडली. मुलगी रसायनशास्त्रात एम. एस्सी. रीतीप्रमाणे दोन्हीकडची माणसं यादी करायला भाऊसाहेबांच्या दिवाणखान्यात बसली. अक्षर चांगलं म्हणून लिहायला मला बसवलं.

"आम्हाला काही नको," वहिनी म्हणाल्या. "तात्याभाऊजी, लिहा. वरपक्षाची कोणतीही मागणी नाही."

मी लिहिलं. लोंढे मास्तरांनी हात जोडले.

"आता यादी लिहा," वहिनी म्हणाल्या.

यादी तिसऱ्या पानावर संपली. त्यात सोनं, भांडी, फ्रिज, पाहुण्यांचे आहेर आणि वहिनींच्या माहेरच्या अकरा बायकांची लुगडी होती. कागदाला शिस्त असावी म्हणून मी पहिल्या पानावर खाली लिहिलं : 'वरपक्षाची कोणतीही मागणी नाही. सोबत : यादी, पाने तीन.' त्यावर दोन्ही बाजूंनी सह्या केल्या. कोणालाही त्यात वावगं दिसलं नाही. खरं सांगायचं तर मलाही दिसलं नाही, उलट मसुदा नेटका झाल्याचं समाधान वाटलं.

"आणि ते चारचाकीचं?" मास्तरांनी घाबरत विचारलं.

"ती काय मागणी आहे का मास्तर!" भाऊसाहेब हसले. "इंजिनियर जावई मोटारसायकलवरून फिरला, तर लोक तुम्हालाच नावं ठेवतील. आम्हाला कोण विचारतंय?"

"सध्या जमेलसं दिसत नाही हो."

"मग 'सवडीने' असं लिहा, तात्या," भाऊसाहेब म्हणाले.

मी 'सवडीने' लिहिलं. कचेरीत ज्या फायलीवर हा शेरा पडे, ती परत कोणी उघडत नसे. त्यामुळे मास्तरांची गाडीतून सुटका झाली, अशी माझी प्रामाणिक समजूत झाली.

त्यानंतर पत्रिकेचं भांडण सुरू झालं. निमंत्रक, स्वागतोत्सुक, व्यवस्थापक आणि आपले नम्र असे चार मथळे होते. भाऊसाहेबांच्या बहिणीला, म्हणजे शकुंतलाआत्याला, मामांच्या वरची ओळ हवी होती. ती मिळेपर्यंत तिने भावाच्या घरचं पाणी वर्ज्य केलं. वहिनींच्या मावशीचे जावई रोहिदास यांनी आपल्या नावामागे 'उद्योजक' लिहिण्याची अट घातली. त्यांची पिठाची गिरणी आहे. आठ दिवस दोन्ही घरांत कोणी कोणाशी धड बोलत नव्हतं. शेवटी पत्रिका आली. अडतीस नावं होती. मी ती चार वेळा वाचली. माझं नाव नव्हतं.

"अहो भाऊजी, जागाच पुरली नाही," वहिनी म्हणाल्या. "आणि तुम्ही तर घरचेच!"

घरचा म्हणजे ज्याला यादी लिहायला बोलावता येतं आणि पत्रिकेतून गाळता येतं, तो. लग्नात मी निषेध म्हणून जिलबीला हात लावला नाही. तो निषेध कोणाच्या लक्षात आला नाही.

त्या वर्षी धोंड्याचा महिना आला. मास्तरांनी लेक-जावयाला जेवायला बोलावलं, चांदीची निरांजनं दिली आणि तेहतीस अनारसे दिले. ते दोघं परत आले तेव्हा वहिनी दारात उभ्या होत्या. त्यांनी अनारशांच्या डब्याकडे पाहिलं, मग जोडीच्या मागे रस्त्यावर पाहिलं. रस्त्यावर रिक्षा होती.

"मास्तरांना सवड झालेली दिसत नाही," त्या म्हणाल्या.

त्या दिवसापासून सूनबाईचा फोन 'घरात एकच फोन पुरतो' म्हणून वहिनींकडे जमा झाला. मग तिचं ताट सगळ्यांच्या नंतर वाढलं जाऊ लागलं, आणि पुढे पुढे सगळ्यांच्या नंतर काही उरेनासं झालं. मला हे ठाऊक होतं, कारण त्यांच्या घराची मागची गॅलरी आणि माझ्या घराची मागची गॅलरी समोरासमोर आहेत. मध्ये फक्त एक पेरूचं झाड आहे, आणि ते फार दाट नाही.

श्रावणातल्या एका मंगळवारी सकाळी नऊच्या सुमारास मी धोतर वाळत घालत होतो. सूनबाई समोरच्या गॅलरीत उभी होती. दार आतून बंद होतं.

"तात्या," ती म्हणाली, "थोडं पाणी देता का?"

"घरात मागून घे ना," मी म्हणालो.

मी जे बोललो त्याचा अर्थ मला तीन-चार मिनिटांनी कळला, पण तोवर मी आत जाऊन वर्तमानपत्र उघडलं होतं. बारा वाजता पाहिलं, ती तिथेच होती. दोन वाजता खाली बसली होती. चारच्या सुमारास दार उघडलं आणि वहिनी दिसल्या.

"लावतेस का बापाला फोन?"

"त्यांच्याकडे नाही हो एवढं. मी तरी किती वेळा सांगू?"

वहिनी दार लावायला लागल्या. सूनबाईने आत येण्यासाठी चौकटीवर हात ठेवला. वहिनींनी तो पाहिला आणि दार लावलं. ते पूर्ण लागलं नाही, म्हणून पुन्हा लावलं.

आतून ऋतुराजचा आवाज आला, "आई, हळू! काच फुटेल."

दाराच्या काचेतून आरामखुर्चीतले भाऊसाहेब दिसत होते. त्यांनी वर्तमानपत्राचं पान उलटलं. हे सगळं मी पाहिलं. मग मी माझ्या गॅलरीचं दार लावून घेतलं, कारण दुसऱ्याच्या घरात डोकावणं बरं नव्हे. या वाक्याची मला आज लाज वाटते. तसं इथे नमूद करून ठेवतो.

संध्याकाळी दार उघडल्यावर ती हात ओढणीत गुंडाळून चालत एसटी स्टँडवर गेली आणि माहेरी पोचली. उजव्या हाताची दोन बोटं मोडली होती. दुसऱ्या दिवशी बापलेक पोलीस ठाण्यात गेली. तिथे हवालदार खाडे लिहायला होते. पुढचं मला त्यांनीच मोठ्या अभिमानाने सांगितलं.

"आरोपींची नावं सांगा, ताई."

"सासूबाईंनी दार लावलं. नवरा आणि सासरे बसून होते."

"म्हणजे तीन?"

"तीन."

खाडेंनी पेन खाली ठेवलं. "एवढ्या मोठ्या घरात तीनच माणसं? वरती काय सांगू? साहेब म्हणतील, खाडे, फिर्याद नीट घेतली नाहीस."

लोंढे मास्तरांनी लग्नाचा पुरावा म्हणून पिशवीतून पत्रिका आणली होती. ती त्यांनी पुढे केली. खाडेंचा चेहरा उजळला. नावं, नाती, गावं, सगळं एका जागी, आणि तेही वरिष्ठतेच्या क्रमाने. एकतीस वर्षांच्या नोकरीत मलाही इतका तयार कागद कधी मिळाला नव्हता.

"अहो, यातली निम्मी माणसं मी पाहिलेलीसुद्धा नाहीत," मुलगी म्हणाली.

"तपासात दिसतील," खाडे म्हणाले आणि उतरवायला लागले.

सर्वांत वर कुलदैवताचं नाव होतं. ते बराच विचार करून वगळण्यात आलं, कारण पत्ता दोन ठिकाणचा निघत होता. ज्यांच्या कृपाशीर्वादाने लग्न होत होतं ते आमचे आजोबा, कैलासवासी रामकृष्णबापू, यांना आरोपी क्रमांक एक करण्यात आलं. आमदारसाहेब 'प्रमुख उपस्थिती'खाली होते. त्यांचं नाव लिहिलं गेलं आणि वरून फोन आल्यावर खोडलं गेलं. बाजूला शेरा मारला : 'प्रमुख उपस्थिती म्हणजे संगनमत नव्हे.' तळाला 'आमच्या काकाच्या लग्नाला यायचं हं!' असं लिहून खाली पिल्लू आणि सनी अशी नावं होती. तीही घेतली. अशा रीतीने एकूण सदतीस आरोपी झाले.

सगळ्या नावांखाली एकच मजकूर होता : 'वरील सर्व इसमांनी आपसांत संगनमत करून फिर्यादीस घालून पाडून बोलून, उपाशी ठेवून, चारचाकी गाडीसाठी दारात बोटे चेमटून तिचा शारीरिक व मानसिक छळ केला.' हा मजकूर खाडेंकडे कायम तयार असतो. त्यात 'दारात बोटे चेमटून' एवढंच नव्याने घालावं लागलं.

सही करायची वेळ आली तेव्हा उजवा हात प्लास्टरमध्ये होता.

"डावा अंगठा चालेल," खाडे म्हणाले.

"मी डाव्या हाताने सही करायचा प्रयत्न करते."

"कशाला उगाच? जुळली नाही तर पुढे पंचाईत."

तिने अंगठा दिला. अंगठा आला म्हणून नियमाप्रमाणे खाडेंनी खाली लिहिलं : 'फिर्यादी निरक्षर असल्याने मजकूर वाचून दाखविला, तो बरोबर आहे.'

गावात नोटिसा आल्या आणि करंडे घराण्याला पत्रिकेचा खरा अर्थ कळला. उद्योजक रोहिदास यांनी आपण उद्योजक नसून साधे गिरणीवाले असल्याचं आणि भाऊसाहेबांना ओळखत नसल्याचं प्रतिज्ञापत्र केलं. पोलीस पिल्लूच्या शोधात गेले, तेव्हा ती बालवाडीत गेली होती, म्हणून 'आरोपी मिळून आली नाही' अशी नोंद झाली. रामकृष्णबापूंच्या नोटिशीवर शेरा पडला : 'सदर इसम बरीच वर्षे गावात नसल्याचे शेजाऱ्यांकडून समजते.' शकुंतलाआत्या तर भावाच्या दारात येऊन ओरडली.

"मामांच्या वर माझं नाव कुणी घातलं? मी म्हटलं होतं का घाला म्हणून?"

"आत्या, तू चार दिवस पाणी प्यायली नव्हतीस," ऋतुराज म्हणाला.

"मेल्या, मला तहान नव्हती!"

माझं नाव कुठेच नव्हतं. त्या आठवड्यात मला शांत झोप लागली. जागा न पुरल्याबद्दल मी छापखान्याचे मनोमन आभार मानले.

भाऊसाहेबांनी तालुक्याहून ॲडव्होकेट मुळीक यांना आणलं. घरातले सगळे आरोपी दिवाणखान्यात दाटीवाटीने बसले होते. मीही दाराशी उभा होतो. मुळीकांनी फिर्याद वाचली आणि चष्मा काढला.

"सदतीसच?"

"सदतीस काय कमी झाले?" भाऊसाहेबांना घाम फुटला.

"भाऊसाहेब, पोरीने सांगितलेली तीनच नावं लिहिली असती ना, तर तुमचं काही खरं नव्हतं. तीन माणसं, एक दार, दोन बोटं. कोर्टाला चित्र दिसतं. सदतीस झाल्यावर चित्र पुसट होतं. पन्नासच्या वर गेलात की काहीच दिसत नाही. मग आम्ही म्हणतो, आरोप मोघम आहेत. कोर्टालाही म्हणावं लागतं, कारण ते असतातच."

"मग आम्ही काय करायचं?" वहिनींनी विचारलं.

"गर्दी करा," मुळीक म्हणाले.

गंमत म्हणजे त्याच आठवड्यात लोंढे मास्तरांच्या वकिलानेही त्यांना हाच सल्ला दिला. जितकी नावं जास्त, तितकं सासर लवकर तडजोडीला येतं, असं त्याचं गणित होतं. मुलीने पुन्हा सांगून पाहिलं, की फक्त तिघांची नावं ठेवा.

"बाळ, तू यात बोलू नकोस," मास्तर म्हणाले. "तुला कायद्यातलं काय कळतं?"

असे दोन्ही पक्ष एका मुद्द्यावर एकत्र आले. लग्न ठरल्यापासून हे पहिल्यांदाच घडत होतं.

एके दिवशी दुपारी ती माझ्याकडे आली. प्लास्टर निघालं होतं. दोन बोटं सरळच राहिली होती, वळत नव्हती. माझ्या बायकोने तिला खुर्ची दिली, पण ती उभीच राहिली.

"तात्या, तुम्ही पाहिलंत ना त्या दिवशी?"

मी पेरूच्या झाडाकडे पाहिलं.

"मला कुणाला फासावर चढवायचं नाही," ती म्हणाली. "सदतीस माणसंही नकोत. फक्त दार कुणी लावलं, एवढंच कुणीतरी कोर्टात सांगा. मी एकटीने सांगितलं तर ते म्हणतात, हिचा हात चुकून सापडला. बाहेरून पाहणारे तुम्ही एकटेच आहात."

"बघतो," मी म्हणालो. "विचार करून कळवतो."

"किती दिवसांत?"

एवढ्या वर्षांत टेबलासमोर उभ्या राहिलेल्या कोणालाही मी या प्रश्नाचं उत्तर दिलं नव्हतं. तिलाही दिलं नाही. ती गेल्यावर बायको म्हणाली, "जा आणि सांगून या. मी बाई असते ना त्या दिवशी घरात, तर भिंतीवरून उडी मारली असती." मी त्या दिवशी खरोखरच ठरवलं, की सांगायचं. मुद्दे काढून कागदावर लिहिले. वेळ, ठिकाण, कोण काय बोललं. मसुदा चांगला झाला होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी प्रमिलावहिनी आणि भाऊसाहेब आमच्याकडे आले. वहिनींच्या हातात तबक होतं. त्यात नारळ, हळदकुंकू आणि माझ्यासाठी टोपी-उपरणं. सतरा वर्षांत त्या आमच्या उंबऱ्याच्या आत आल्या नव्हत्या.

"भाऊजी," त्या म्हणाल्या, "पत्रिकेच्या वेळी आमच्याकडून चूक झाली. मनाला फार लागून राहिलं आहे. पण या वेळी तुमचं नाव घातल्याशिवाय मी राहणार नाही."

"कशात?"

"गुन्ह्यात," भाऊसाहेब म्हणाले. "पुरवणी जबाब होतोय. मुळीकसाहेब म्हणाले, समोरची गॅलरी ज्यांची, ते तर हवेतच. एकदा आरोपी झालात, की साक्षीची कटकटच नको. आरोपीला कोणी बोलायला लावू शकत नाही. कायदाच आहे तसा."

"लोंढेंचा वकीलही तयार आहे," वहिनी म्हणाल्या. "त्याला नावं हवीच आहेत."

मला सगळं स्वच्छ कळलं होतं. मी मूर्ख नाही. मी कोणाचं तोंड बंद करायला स्वतःच्या कपाळाला कुंकू लावून घेतो आहे, हे मला दिसत होतं. तरी भाऊसाहेबांनी डोक्यावर टोपी ठेवली आणि म्हणाले, "तात्या, तू घराण्यातला कर्ता माणूस," तेव्हा माझे डोळे भरून आले. आतून बायको माझ्याकडे बघत होती. मी तिच्याकडे बघायचं टाळलं.

"क्रमांक कितवा?" मी विचारलं.

माझी बातमी फुटली आणि घराण्यात पुन्हा रुसवेफुगवे सुरू झाले. पत्रिकेतून राहिलेले सगळे भाऊसाहेबांकडे येऊ लागले. 'तेव्हाही डावललंत, आताही डावलता?' असा त्यांचा सवाल होता. कोल्हापूरच्या चुलत्यांनी सुटकेससकट मुक्काम ठोकला. खुद्द शकुंतलाआत्याने निरोप धाडला, की आपल्या धाकट्या सुनेला घेतलं नाही तर आपलंही नाव काढून टाका. रोहिदासांनी प्रतिज्ञापत्र मागे घेतलं आणि 'उद्योजक' परत लावायला सांगितलं. ठाण्यात रांग लागली. खाडे सगळ्यांना चहा देऊन पत्ते उतरवून घेत होते. एकाच छळात सर्वाधिक आरोपी शोधल्याबद्दल त्यांना पुढे प्रशस्तिपत्र मिळालं. आरोपींची अंतिम संख्या चोपन्न झाली. माझा क्रमांक चोपन्नावा. 'मागाहून समाविष्ट' असा शेरा होता, पण नाव होतं.

खटला उभा राहिला तेव्हा आम्ही कोर्टात मावलो नाही. अर्धे आरोपी व्हरांड्यात उभे राहिले आणि पुकारा झाला की खिडकीतून हात वर करत. न्यायाधीशबाई तरुण होत्या आणि सकाळीच थकलेल्या दिसत होत्या. मुलगी पिंजऱ्यात आली. सरकारी वकिलांना तिने दाराची हकिकत सांगितली, तशीच्या तशी. एक शब्द जास्त नाही, एक कमी नाही. ऋतुराजचं काचेबद्दलचं वाक्यही सांगितलं. मी जमिनीकडे बघत होतो.

मग मुळीक उठले.

"ताई, हे दार किती रुंद आहे?"

"अडीच फूट असेल."

"फिर्यादीत लिहिलंय, वरील सर्व इसमांनी दारात बोटं चेमटली. वरील इसम चोपन्न आहेत. अडीच फुटांच्या दाराला चोपन्न माणसांनी हात कसा लावला, ते कोर्टाला समजावून सांगता का?"

"चोपन्न नाही. सासूबाईंनी लावलं. बाकीची नावं मी सांगितलीच नव्हती."

"पण अंगठा तुमचाच?"

"अंगठा माझा."

"निरक्षर आहात म्हणून मजकूर वाचून दाखवला होता?"

"मी निरक्षर नाही. मी एम. एस्सी. आहे."

"म्हणजे फिर्यादीत निरक्षर लिहिलंय, ते खोटं?"

"हो."

"चोपन्न नावं लिहिलीत, तीही खोटी?"

"ती मी लिहिली नाहीत!"

"रामकृष्णबापू करंडे तुम्हाला घालून पाडून बोलले?"

"ते वारलेले आहेत."

"म्हणजे तेही खोटं. मग ताई, एवढ्या सगळ्या खोट्यात एक दारच तेवढं खरं, हे कोर्टाने कशावरून धरायचं? बाहेरून कोणी पाहिलं?"

तिने वळून माझ्याकडे पाहिलं. सगळ्या कोर्टाने पाहिलं.

"यांनी," ती म्हणाली.

"ते आरोपी क्रमांक चोपन्न," मुळीक म्हणाले. "तुमच्याच फिर्यादीप्रमाणे ते त्या वेळी दार लावत होते."

लोक हसले. न्यायाधीशबाई हसल्या नाहीत. त्यांनी बराच वेळ कागद चाळले. कोणीतरी वेगळं काही म्हणेल, अशी वाट पाहत असाव्यात. मी आरोपी होतो. मला कोणी बोलायला लावू शकत नव्हतं. पण मी आपण होऊन बोललो असतो तर मला कोणी थांबवूही शकलं नसतं. हे मला तेव्हाही माहीत होतं.

पंधरा दिवसांनी निकाल लागला. कोणत्या आरोपीने नेमकं काय केलं हे शाबीत होत नसल्यामुळे, मयत आणि अज्ञान वगळता सर्वांना संशयाचा फायदा देऊन निर्दोष सोडण्यात आलं. वहिनींना संशयाचा फायदा मिळाला. ऋतुराजलाही मिळाला. फायदा भरपूर होता, सर्वांना पुरला.

कोर्टाच्या आवारात पेढे वाटले गेले. कोल्हापूरच्या चुलत्यांनी सगळ्यांना एका रांगेत उभं करून फोटो काढला. तिथेच, खटल्यासाठी आलेल्या एका गृहस्थांनी भाऊसाहेबांना बाजूला घेतलं. त्यांची भाची लग्नाची होती. 'कोर्टातून निर्दोष' म्हणजे मुलाचं चारित्र्य सरकारी शिक्क्यानिशी तपासलेलं, असं त्यांचं म्हणणं पडलं. भाऊसाहेब संकोचले.

"आम्हाला काही नको," ते म्हणाले.

मुलगी बापाच्या मागून पायऱ्या उतरत होती. फाईल डाव्या हातात धरली होती. मास्तर तिला काहीतरी समजावत होते आणि ती ऐकत नव्हती. आता मी आरोपी उरलो नव्हतो. माझ्या बोलण्याला कायद्याची कसलीच आडकाठी नव्हती. तिला थांबवावं, वरच्या कोर्टात जा म्हणावं, मी येतो म्हणावं, असं मनापासून वाटलं. मी चार पावलं पुढे झालो आणि हाक मारायला तोंड उघडलं.

हाक आली नाही. तिचं नाव मला आठवेना.

आमच्या घरात ती सूनबाई होती. ठाण्यात फिर्यादी होती, कोर्टात पीडित होती, मास्तरांची बाळ होती. ती फाटकापर्यंत पोचली, रस्त्यावर आली, आणि मी तोंड उघडं ठेवून आठवत उभा राहिलो.

तुम्हाला विचारण्यात अर्थ नाही. भाऊसाहेब, प्रमिलावहिनी, ऋतुराज, शकुंतलाआत्या, रोहिदास, खाडे, मुळीक, इतकंच काय, बालवाडीतली पिल्लूसुद्धा तुम्हाला आता नावाने माहीत आहे. तिचं नाव मी सुरुवातीपासून एकदाही सांगितलं नाही, आणि इथवर वाचताना तुमचंही त्यावाचून काही अडलं नाही.